डाव्या अंगाचा बैल

सिनेमाचे डबे होडीतून तरीवर उतरले
आणि तिथून बाबाच्या गाडीत.
सहा डबे, एक मशीन, गोणपाटात गुंडाळलेला पडदा,
वर युनूस सारंग, पाय खाली सोडून, विडी विझलेली.
सड्याचा चढ आला तसा बाबा उतरला,
मीही उतरलो.
युनूस म्हणाला, मी बसतो, मशीनला धक्का लागतो.
गुल्या आणि पवळ्या त्याला काही बोलले नाहीत.

म्हणजे त्या रात्री मुणग्यात, देवळामागच्या कापल्या कुणग्यात,
जो दूर देश आम्ही पाहिला
तो आमच्याच बैलांनी ओढून आणला होता.

पडद्यावर गवत. नुसतं गवत.
सड्यावर मार्गशीर्षात काड्या होऊन उभं राहतं तसं,
पण संपतच नव्हतं.
त्यातून पांढऱ्या छपराच्या चाळीसेक गाड्या,
आणि मागं बायका, वाकून चुलीसाठी शेण वेचणाऱ्या.
सत्यभामा घाडी म्हणाली,
"गोऱ्यांकपण शेणी लागतत तर!"
बायकांच्या बाजूला हसू फुटलं ते बराच वेळ थांबेना.

बोलणं कळत नव्हतं.
नायक कसली शपथ घेतो, पोरगी का रडते,
ते युनूस मशीनमागून ओरडून सांगायचा, अर्धं मनाचं.
ढोरांचं मात्र कुणी सांगावं लागलं नाही.
कुणाचा खूर फुटलाय,
कुणाच्या मानेवर आवाळू धरलंय,
कुठली गाय उद्या आटणार.
घाटावरून लोणी घेऊन उतरलेला बम्या वरक
कांबळं पांघरून मागं उभा होता,
बोटांच्या पेरांवर मोजत.
भाकड धरून एकशे बारा, म्हणाला.

मग नदी आली.
भरतीला आमची खाडी असते तेवढी,
पण पाणी एकाच दिशेला वेड्यासारखं धावणारं.
पुढच्या गाडीचा डाव्या अंगाचा बैल,
कपाळावर चांदा,
मधोमध गुडघ्यावर आला.

बाबा उठला.
पंचायतीत कधी तोंड न उघडणारा माझा बाबा:
"आदी सापती सोड रे! सापती!
गाडो जांवदे खड्ड्यात, बैल बुडतलो!"
मग सगळा कुणगाच उठला.
"शिवळ काड! नाकात पाणी गेला त्याच्या!"
पडद्यावरचा माणूस
एक पेटी छातीशी धरून राहिला.
पेटीत घड्याळ होतं, ते नंतर कळलं.

आणि फिल्म तुटली.
पांढरा उजेड. डास.
समुद्राचा आवाज, जो मघापासून होताच.

युनूसनं जोडून पुन्हा लावली तोवर
सगळे पलीकडच्या काठावर, कपडे वाळत,
कुणी सारंगीसारखं काहीतरी वाजवतंय.
बैलाबद्दल शेवटपर्यंत कुणी शब्द काढला नाही.
बम्यानं पुन्हा मोजलं.
"नऊ कमी," म्हणाला,
आणि आपलं तट्टू बघायला अंधारात गेला.

नायकाला जमीन मिळाली.
घोड्यांवरून लांबून बघणारी माणसं
दोनदा दिसली होती डोंगराच्या कडेला, तिसऱ्यांदा नाही.
ती जमीन त्यांची होती काय, मी युनूसला विचारलं.
तो रीळ गुंडाळत होता.

सकाळी तरीवर डबे उतरवताना बाबानं विचारलं,
"तुटला त्यात तो वर इलो काय?"
युनूसनं खिशातून कापलेली पट्टी काढली,
चार चौकटी, करंगळीएवढ्या.
बाबानं ती उन्हाकडे धरली.
चारही चौकटींत नाक पाण्यावर होतं.
"बरा," म्हणाला, आणि पट्टी टोपीत ठेवली.

पुढं कितीतरी वर्षं ती गोठ्याच्या वाशात खोचलेली होती,
धुरानं काळी होईपर्यंत.

परतताना गाडी रिकामी होती.
सड्याचा चढ आला तसा बाबा उतरला.
मी बसून राहिलो थोडा वेळ.
मग मीही.